अ‍ॅना पावलोवा : रंगमंचावरची आणि पडद्यावरची

बॅचमधले बाकीचे शाळेच्या आठवणी लिहिणारच आहेत, म्हणून मी माझ्या आवडत्या नर्तिकेविषयी लिहिते. गुरुजन आणि मित्रमैत्रिणींनो, चालवून घ्या.

अ‍ॅना पावलोवाचा जन्म १८८१ चा, सेंट पीटर्सबर्गचा. आई कपडे धुऊन घर चालवायची. लहानपणी मारिन्स्की थिएटरात ‘स्लीपिंग ब्युटी’ हा बॅले पाहिला आणि पोरीने नाचायचंच ठरवलं. राजाश्रयाच्या बॅले शाळेने आधी तिला नाकारलं, पण १८९१ मध्ये प्रवेश मिळाला. तेव्हा चलती होती भरीव, कसलेल्या बांध्याची. ही किडकिडीत, पायांची कमान जास्तच उंच. चवड्यांवर तोल सांभाळायला तिने बुटांच्या तळाशी कडक चामडं घातलं. १९०६ मध्ये ती मारिन्स्कीची अग्रगण्य नर्तिका झाली.

फोकीनने तिच्यासाठी बसवलेला मरणाऱ्या हंसाचा नाच जेमतेम काही मिनिटांचा, पण जन्मभर तोच तिची ओळख राहिला. पुढे लंडनला घर करून, स्वतःची मंडळी घेऊन ती जगभर फिरली. बॅले कधी पाहिलाच नाही अशा गावांतही नाचली.

ती भारतातही आली. लंडनमध्ये १९२३ साली तिच्या ‘राधा-कृष्ण’ नृत्यात कृष्ण झाला तरुण उदय शंकर. रुक्मिणीदेवी अरुंडेल तिच्या मंडळीतल्या एका नर्तिकेकडे बॅले शिकू लागल्या, तर तिने त्यांना आपल्याच मातीतलं नृत्य शोधायला सांगितलं. पुढे खंडाळ्याला नृत्यशाळा काढणाऱ्या मादाम मेनकांनाही तिचं प्रोत्साहन मिळालं.

पडद्यावर ती १९१६ मध्ये आली, लोइस वेबर या दिग्दर्शिकेच्या मूकपटात. भूमिका मुक्या कोळी मुलीची! १९२४ मध्ये हॉलिवुडमध्ये तिचे काही नाच चित्रित झाले. आज हाती उरलंय ते थोडंच.

इथे माझ्यातली इंजिनियर जागी होते. मूकपटात सेकंदाला बहुधा सोळा-वीस चित्रं टिपली जात. तीच चोवीसच्या वेगाने दाखवली, की हंस तुरुतुरु पळतो आणि बघणारा हसतो. वेग नीट लावला, की तेच हात पाण्यासारखे हलतात. म्हणजे दोष नर्तिकेचा नव्हे, दाखवणाऱ्याचा. जुन्या फिती जपणं जितकं महत्त्वाचं, तितकंच त्या योग्य वेगाने दाखवणंही.

१९३१ च्या जानेवारीत, दौऱ्यावर असताना, हेगमध्ये न्यूमोनियाने ती गेली. पन्नाशीला तीनच आठवडे कमी होते. नंतर लंडनच्या एका कार्यक्रमात हंसाचं संगीत वाजलं, रंगमंचावर नुसता प्रकाश होता आणि प्रेक्षक उभे राहिले.

आपल्या वर्गात नाचणाऱ्या कितीजणी होतो! बारावीच्या अभ्यासात घुंगरू माळ्यावर गेले. आपल्यालाही पन्नाशी फार लांब नाही. ज्यांचे गुडघे अजून साथ देतात, त्यांनी यंदा गॅदरिंगला स्टेजवर यावं. व्हिडिओ मी काढीन, वेगही बरोबर ठेवीन.