नांगराची जाहिरात करणारा चित्रकार

(द्वितीय वर्ष, कला)

जाहिरात या शब्दाला आपल्याकडे अजूनही पुरती प्रतिष्ठा मिळालेली नाही. जाहिरात म्हणजे थोडेसे खोटे, असे आपण धरूनच चालतो. माल चांगला असेल तर जाहिरात कशाला, असे वडीलधारी मंडळीही विचारतात. या प्रश्नाला ज्या मराठी माणसाने आपल्या उभ्या आयुष्याने उत्तर दिले, ते शंकर वासुदेव किर्लोस्कर आज ज्यांना ठाऊक आहेत त्यांना संपादक म्हणून ठाऊक आहेत. ‘किर्लोस्कर’, ‘स्त्री’ आणि ‘मनोहर’ या तीन मासिकांचे ते जनक. पण संपादक होण्याआधी ते जाहिरातदार होते, आणि जाहिरातदार होण्याआधी चित्रकार. हा क्रम मला महत्त्वाचा वाटतो.

शंकररावांचा जन्म ८ ऑक्टोबर १८९१ रोजी सोलापुरात झाला. वडील वासुदेवराव तेथे डॉक्टर होते. मुलाचा ओढा मात्र रंगरेषांकडे. चित्रकलेच्या शिक्षणासाठी ते मुंबईला गेले आणि तेथे न थांबता लाहोरला पंडित श्रीपाद दामोदर सातवळेकर यांच्याकडे जाऊन पोहोचले. वेदांचे भाष्यकार म्हणून पुढे कीर्ती मिळविणाऱ्या पंडितजींचा त्या काळी लाहोरात चित्रकलेचा आणि छायाचित्रणाचा व्यवसाय होता. सोलापूरचा मुलगा कुंचला शिकायला पंजाबात जातो, ही गोष्ट त्या काळाच्या मानाने लहान नव्हे.

पण चित्रकाराला आपल्या देशात पोट भरण्यासाठी जागा किती? शंकररावांना ती जागा मिळाली एका कारखान्यात. त्यांचे काका लक्ष्मणराव किर्लोस्कर हेही मूळचे चित्रकलेचेच विद्यार्थी. रंगांची ओळख डोळ्यांना नीट होत नाही असे आढळल्यामुळे त्यांना रंगकाम सोडून यांत्रिक आरेखनाकडे वळावे लागले. बेळगावात सायकलींचे दुकान, मग कडबा कापण्याचे यंत्र, मग लोखंडी नांगर असा त्यांचा प्रवास. औंधच्या पंतप्रतिनिधींनी दिलेल्या कुंडल रोड स्टेशनजवळच्या माळरानावर १९१० साली त्यांनी कारखाना हलविला आणि त्या माळाची किर्लोस्करवाडी झाली. पहिल्या महायुद्धाच्या सुमारास शंकरराव तेथे आले आणि मालाच्या विक्रीचे व जाहिरातीचे काम त्यांच्याकडे आले.

ही जाहिरात कशाची करायची होती, ते नीट पाहिले पाहिजे. साबणाची नव्हे, अत्तराची नव्हे. लोखंडी नांगराची! शेतकऱ्यांचा समज असा, की लोखंड जमिनीत घातले तर जमिनीला विष चढते आणि पीक जळते. लक्ष्मणरावांचे पहिले सहा नांगर खपायला दोन वर्षे लागली होती. नांगर वाईट होता म्हणून नव्हे. कृष्णाकाठच्या काळ्या रानात खोल गेलेली हरळी आणि कुंदा उपटायचा तर लाकडी नांगराला बैलांच्या कितीतरी जोड्या जुंपाव्या लागत. लोखंडी नांगर तीच माती पलटून टाकीत असे. पण भीतीपुढे उपयोगाचे काय चालणार? पदरचे पैसे घालून जो माणूस आपल्या एकुलत्या एक रानात परके अवजार घालणार, त्याची भीती वेडगळ म्हणून हसण्यावारी नेता येत नाही. एक हंगाम बुडाला तर त्याचे घर बुडते.

त्या काळी जाहिरातीचा धंदा आपल्याकडे नुकता कोठे डोळे उघडत होता. मुंबईत गिरगावात बी. दत्ताराम यांनी १९०५ साली काढलेली कंपनी ही पहिल्या देशी जाहिरात-संस्थांपैकी एक समजली जाते. जे. वॉल्टर थॉम्पसन ही अमेरिकन कंपनी मुंबईत आली ती १९२९ साली. त्याआधीच शंकरराव एका खेडवळ स्टेशनाशेजारी बसून हे शास्त्र स्वतःचे स्वतः शिकत होते. हाती चित्रकाराची रेषा होती. मोजक्या शब्दांत नेमके सांगायची सवय त्यांनी लावून घेतली. चित्रकाराला पाहणाऱ्याची नजर कोठे थांबते ते कळते, आणि विक्रेत्यालाही तेच कळावे लागते. त्यांची व्यंगचित्रे ‘शंवाकि’ या सहीने निघत. मराठीतल्या आरंभीच्या व्यंगचित्रकारांत त्यांची गणना होते. ‘टाकांच्या फेकी’ या नावाने ती पुस्तकरूपानेही आली.

१९२० साली त्यांनी ‘किर्लोस्कर खबर’ सुरू केले. हे कारखान्याचे पत्र. कारखान्यात काय बनते, ते कसे वापरावे, गिऱ्हाइकांचा अनुभव काय, हे सांगण्यासाठी निघालेले. सरळ म्हणायचे तर जाहिरातच. आणि येथेच मला एक शंका येते, ती मोकळेपणाने मांडतो. १९२१ च्या शिरगणतीत देशातल्या शंभर माणसांत जेमतेम सात साक्षर होती. मग नांगर घेणाऱ्याने हे पत्र वाचायचे कसे? माझ्या मते ते पोहोचले गावातल्या शिक्षकाकडे, पाटील-कुलकर्ण्याकडे, शिकून आलेल्या एखाद्या मुलाकडे. नांगराचा खरा पुरावा शेवटी शेतावर तो चालवून दाखविण्यातच होता. पत्राचे काम त्याच्या आधीचे. माणसाने निदान पाहायला यावे, एवढे मन तयार करण्याचे.

मन तयार करण्याचे हे काम हाती घेतल्यावर शंकररावांना ते नांगरापुरते ठेवता आले नाही. जो समज लोखंडाला विष म्हणतो, तोच समज मुलीच्या शिक्षणाला, विधवेच्या विवाहाला आणि हरिजनाच्या स्पर्शाला विष म्हणतो, हे त्यांच्या ध्यानात आले असले पाहिजे. पत्र हळूहळू मासिक बनले. त्यात उद्योगधंद्यांची माहिती आली, तशा कथा आल्या, विज्ञान आले, समाजसुधारणा आली. रत्नागिरीस स्थानबद्ध असलेल्या सावरकरांचे विज्ञाननिष्ठ निबंध त्यात छापून आले. भाषाशुद्धीचा आग्रह धरणाऱ्या सावरकरांना ‘खबर’ हा शब्द खटकला आणि पुढे तो नावातून गळाला. बुवाबाजीविरुद्ध मासिकाने मोहीम उघडली. सनातनी वाचकांचा रोष त्यामुळे ओढवला. ज्याला माल विकायचा आहे त्याने गिऱ्हाइकाला दुखवू नये, हा बाजाराचा पहिला नियम. तो नियम या जाहिरातदाराने मोडला आणि तरी त्याचे मासिक वाढले!

१९३० साली ‘स्त्री’ निघाले आणि १९३४ साली तरुणांसाठी ‘मनोहर’. ‘स्त्री’ हे नाव पाहा. लक्ष्मी नाही, देवी नाही, भगिनी नाही. नुसती स्त्री. मालाचे नाव कसे साधे आणि थेट असावे हे जाणणारा माणूसच असे नाव ठेवू शकतो.

आमच्या भिवंडीत यंत्रमागावरून उतरणारे बहुतेक कापड कोरे असते. माझे वडील मागावर काम करतात. त्यांनी विणलेल्या ताग्यावर शेवटी नाव कोणाचे छापले जाते हे त्यांनाही ठाऊक नसते. त्यामुळे शंकररावांच्या लेखनातून उद्योग करा, स्वतःच्या पायावर उभे राहा असा जो सूर येतो, तो वाचताना माझ्या मनात दोन गोष्टी येतात. एक म्हणजे, भांडवल नसलेल्या माणसाला हा उपदेश अपुरा पडतो. किर्लोस्करांच्या पाठीशी औंधकरांचा माळ होता. प्रत्येकाच्या पाठीशी संस्थानिक नसतो. दुसरी अशी, की आपल्या वस्तूवर आपले नाव असले पाहिजे आणि त्या नावाची जबाबदारी आपण घेतली पाहिजे, हे त्यांचे म्हणणे मला पटते. त्यांच्या मासिकाच्या मुखपृष्ठावर कारखान्याचे नाव ठळकपणे असे. कोण बोलतो आहे आणि त्याचा स्वार्थ कोणता, हे वाचकाला पहिल्याच पानावर कळत असे. आजच्या किती जाहिराती एवढे सांगतात?

१९४८ साली गांधीजींच्या हत्येनंतर उसळलेल्या जाळपोळीत किर्लोस्करवाडीचा कारखानाही सापडला. तो पुन्हा उभा राहिला. पुढे मासिके पुण्याला गेली आणि चिरंजीव मुकुंदराव यांनी त्यांची धुरा घेतली. ज्या काकांच्या नांगरासाठी लेखणी हाती धरली, त्या लक्ष्मणरावांचे १९५६ साली निधन झाले. त्यांचे चरित्र शंकररावांनीच ‘यांत्रिकाची यात्रा’ या नावाने लिहिले.

स्वतःची कहाणी त्यांनी अगदी अखेरीस सांगितली. ती १९७४ साली पुस्तकरूपाने आली. चित्राखाली करायच्या सहीतूनच त्यांनी पुस्तकाचे नाव घडविले, ‘शंवाकीय’. त्यानंतर थोड्याच दिवसांनी, १ जानेवारी १९७५ रोजी, वयाच्या चौऱ्याऐंशीव्या वर्षी ते निवर्तले.