रेव्हरंड टिळक आणि त्यांचा 'मी'



'त्याचा इगो दुखावला' हे वाक्य हल्ली घरात, ऑफिसात, कधीकधी गायन-मंडळाच्या सरावातही ऐकू येते. इगो म्हणजे गर्व असे आपण धरून चालतो. मूळ लॅटिनमध्ये मात्र त्याचा अर्थ फक्त 'मी' एवढाच आहे. डॉ. फ्रॉईड यांनी १९२३ साली या विषयावर पुस्तक लिहिले, तेव्हा त्यांनी आपला साधा जर्मन 'मी' हाच शब्द वापरला होता. वासना, समाजाचा धाक आणि बाहेरचे जग यांच्यात मेळ घालणारी मनातली शक्ती, असे ते त्याला मानत. आपल्या सांख्य शास्त्रातही अहंकार म्हणजे ताठा नव्हे. 'हे मी केले, हे माझे' असे म्हणायला लावणारे ते तत्त्व आहे. म्हणजे 'मी' नसेल तर माणूस उभाच राहणार नाही. प्रश्न एवढाच की, हा 'मी' कोणाच्या चाकरीत आहे?

नारायण वामन टिळकांच्या आयुष्यात हा प्रश्न पदोपदी दिसतो. (ते कॅथलिक नव्हते, पण मराठीत प्रभूचे गाणे गाणाऱ्या प्रत्येकावर त्यांचे ऋण आहे.) १८६१ साली रत्नागिरी जिल्ह्यातील करजगाव येथे ब्राह्मण कुटुंबात त्यांचा जन्म झाला. संस्कृतचे पंडित, शीघ्रकवी, फर्डे वक्ते. स्वभाव मात्र तापट. एका जागी टिकणे नाही, हातात पैसा टिकणे नाही. देशाच्या उद्धारासाठी आपणच एक नवा धर्म स्थापावा, असेही त्यांनी मनाशी योजले होते!

१८९३ साली नागपूरहून राजनांदगावला जाताना आगगाडीत एका अनोळखी युरोपियन प्रवाशाने त्यांना नवा करार दिला. टिळकांनी तो फारशा उत्सुकतेने घेतला नव्हता. पण वाचता वाचता डोंगरावरील प्रवचनापाशी ते थांबले. धर्म स्थापायला निघालेला हा माणूस आता शिष्य झाला. १८९५ साली मुंबईत त्यांचा बाप्तिस्मा झाला.

त्याची किंमत घरातून द्यावी लागली. पत्नी लक्ष्मीबाई सोवळेओवळे कडकपणे पाळणाऱ्या. त्या काही वर्षे मुलासह वेगळ्या राहिल्या. नंतर त्या नगरला पतीकडे आल्या, तरी टिळकांनी धर्माची सक्ती केली नाही. एरवी शब्दाशब्दाला भडकणारा हा माणूस इथे वाट पाहू शकला, हे मला फार मोठे वाटते. जातीचा अभिमान लक्ष्मीबाईंच्या मनातून आपोआप गळाला आणि १९०० साली त्यांनीही बाप्तिस्मा घेतला.

टिळकांना १९०४ साली दीक्षा मिळाली. कीर्तन, भजन, अभंग यांतून त्यांनी येशूला मराठी माणसाच्या अंगणात आणले. तुकोबांच्या वाटेने आपण ख्रिस्ताकडे आलो, असे ते मानत. १९१७ साली त्यांनी मिशनचा पगार सोडला आणि साताऱ्याला 'देवाचा दरबार' सुरू केला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले ख्रिस्तभक्त तिथे एकत्र यावेत, ही कल्पना.

हा त्याग की पुन्हा जुनाच हट्ट? मला वाटते, दोन्ही थोडे थोडे होते. संतपण आले म्हणून स्वभाव गळून पडत नाही. लक्ष्मीबाईंच्या 'स्मृतिचित्रे'त त्यांचा राग, लहरीपणा आणि मोठे मन शेजारी शेजारी येते, तेही हसतखेळत. पती महापुरुष म्हणून त्यांनी काही झाकले नाही.

९ मे १९१९ रोजी मुंबईत टिळक निवर्तले. त्यांच्या इच्छेप्रमाणे त्यांच्या देहाला अग्नी देण्यात आला. प्रभूच्या जीवनावरचे त्यांचे महाकाव्य 'ख्रिस्तायन' सुरुवातीच्या दहा-अकरा अध्यायांवरच थांबले होते. पुढचे साठहून अधिक अध्याय लक्ष्मीबाईंनी लिहिले. १९३६ साली त्याही गेल्या, तेव्हा शेवटचा अध्याय मुलगा देवदत्त याने पुरा केला.