ब्रूस कॉनर : परक्या प्रतिमांचा संकलक

ब्रूस कॉनर ह्यांचा जन्म १९३३ साली अमेरिकेतील कॅन्सस राज्यात मॅकफर्सन येथे झाला. १९५७ मध्ये ते सॅन फ्रान्सिस्कोस आले आणि टाकाऊ वस्तूंतून शिल्पाकृती घडवू लागले. हीच दृष्टी त्यांनी चित्रपटाकडे वळवली. ‘अ मूव्ही’ (१९५८) ह्या बारा मिनिटांच्या चित्रपटासाठी त्यांनी स्वतः एकही दृश्य चित्रित केले नाही. जुने वार्तापट आणि अपघातांची चित्रणे जोडून त्यांना रेस्पीगी ह्या इटालियन संगीतकाराच्या ‘पाइन्स ऑफ रोम’ची साथ दिली. पाणबुडीतील अधिकारी दुर्बिणीतून पाहतो, तरुणी दिसते, पाणतीर सुटतो, अणुस्फोटाचा ढग उसळतो. मुळात परस्परांशी असंबद्ध अशा ह्या दृश्यांत कार्यकारणभाव निर्माण होतो तो केवळ संकलनाने. संगीत भव्य होत जाते तसा विनाशही देखणा भासतो आणि प्रेक्षक स्वतःच्याच आनंदाने ओशाळतो.

अणुयुद्धाच्या भयाने कॉनर १९६० नंतरच्या प्रारंभीच्या वर्षांत काही काळ मेक्सिकोत राहिले. ‘क्रॉसरोड्स’ (१९७६) मध्ये बिकिनी येथील २५ जुलै १९४६ च्या अणुचाचणीचे सरकारी चित्रण आहे. तोच स्फोट मंद गतीने पुनःपुन्हा येतो. पूर्वार्धात पॅट्रिक ग्लीसन ह्यांनी सिंथेसायझरवर घडवलेले ध्वनी आहेत. उत्तरार्धात टेरी रायली ह्यांचे संगीत आहे. रायली हे किराणा घराण्याच्या पंडित प्राणनाथांचे शिष्य. त्या संथ स्वरविस्तारात संहार जवळजवळ ध्यानाचा विषय होतो, आणि हीच ह्या कृतीची अस्वस्थ करणारी बाजू होय.

२००८ मध्ये कॉनर निवर्तले. प्रतिमेचा अर्थ तिच्या कर्त्यापेक्षा तिच्या सान्निध्यावर अवलंबून असतो, हे त्यांनी दाखवून दिले. त्याबरोबरच सान्निध्य घडवणाऱ्याची जबाबदारीही.