गारिंचा

मानुएल फ्रान्सिस्को दोस सांतोस ऊर्फ गारिंचा (२८ ऑक्टोबर, १९३३ - २० जानेवारी, १९८३) हा ब्राझीलचा फुटबॉल खेळाडू होता. तो उजव्या बगलेवरून आक्रमण करीत असे. चेंडू पायाशी ठेवून प्रतिस्पर्ध्याला चकवण्यात त्याच्या तोडीचे खेळाडू फार थोडे झाले. १९५८ आणि १९६२ चे विश्वचषक जिंकणाऱ्या ब्राझील संघांत त्याचा समावेश होता.

त्याचा जन्म रिओ दि जानेरो राज्यातील पाऊ ग्रांदे या गिरणीच्या गावात झाला. गारिंचा हे मूळचे एका चिमुकल्या पक्ष्याचे नाव असून बहिणीने ते त्याला लहानपणी ठेवले. जन्मतःच त्याचा उजवा पाय आत, तर डावा बाहेर वळलेला होता आणि दोहोंची लांबीही सारखी नव्हती. किशोरवयात तो गावच्या कापड गिरणीत कामाला लागला. १९५३ मध्ये बोताफोगो क्लबच्या चाचणीत त्याने राष्ट्रीय संघाचा बचावपटू निल्तोन सांतोस यालाच चकवले आणि क्लबने त्याला करारबद्ध केले.

स्वीडनमधील १९५८ च्या स्पर्धेत पहिले दोन सामने त्याला बाहेर बसावे लागले. सोव्हिएत संघाविरुद्ध त्याला आणि पेलेला एकत्र उतरवण्यात आले. पहिल्याच मिनिटात गारिंचाचा फटका गोलखांबाला लागला. अंतिम सामन्यात त्याच्या पासांवर वावाने दोन गोल केले. हे दोघे एकत्र खेळत असताना ब्राझील एकदाही हरला नाही.

चिलीतील १९६२ ची स्पर्धा मात्र खऱ्या अर्थाने त्याची होती. दुसऱ्या सामन्यात पेले जायबंदी झाला आणि संघाचा भार गारिंचावर आला. त्याने उपउपांत्य सामन्यात इंग्लंडविरुद्ध दोन आणि उपांत्य सामन्यात यजमान चिलीविरुद्ध दोन गोल केले. त्यांपैकी दोन गोल हेडरचे होते, जे त्याचे बलस्थान कधीच नव्हते. चिलीच्या खेळाडूला लाथ मारल्याबद्दल त्याला मैदानाबाहेर काढले गेले, तरी शिस्तपालन समितीने त्याला अंतिम सामना खेळू दिला. अंगात ताप असताना तो खेळला आणि ब्राझीलने चेकोस्लोव्हाकियाला ३-१ असे हरवले.

त्यानंतर उतरण लागली. गुडघ्याचे दुखणे बळावत गेले. सांबा गायिका एल्झा सोआरिसशी जुळलेल्या संबंधांमुळे त्याने पत्नी व मुलींना सोडले. लोकांचा रोष मात्र अधिक एल्झाला सोसावा लागला. १९६६ च्या विश्वचषकात हंगेरीकडून झालेला पराभव हा राष्ट्रीय संघाकडून त्याचा शेवटचा सामना आणि त्या संघातून खेळताना पाहिलेला एकमेव पराभव ठरला. १९६९ मध्ये तो चालवत असलेल्या मोटारीला अपघात होऊन एल्झाच्या आईचा मृत्यू झाला. वडिलांप्रमाणेच त्यालाही दारूचे व्यसन होते आणि ते वाढतच गेले. १९७३ मध्ये माराकाना मैदानावर त्याच्यासाठी निरोपाचा सामना झाला, त्याला लाखाहून अधिक प्रेक्षक आले होते. १९७७ मध्ये एल्झा त्याच्यापासून वेगळी झाली.

मद्यपानाने जडलेल्या यकृताच्या विकाराने रिओ येथे वयाच्या ४९ व्या वर्षी त्याचे निधन झाले. अंत्यदर्शनासाठी पार्थिव माराकानावर ठेवण्यात आले आणि तेथून पाऊ ग्रांदेच्या वाटेवर लोकांनी प्रचंड गर्दी केली. राजधानी ब्राझिलियातील राष्ट्रीय स्टेडियमला त्याचे नाव देण्यात आले आहे.