पाच वर्षं आणि एक चूल : लक्ष्मीबाई टिळकांचा संसार

गेल्या सेमिस्टरला हिमायतनगरमध्ये आमच्या घराच्या गच्चीवर आम्ही तिघीजणी बसलो होतो. खाली ट्रॅफिकचा आवाज, हातात चहा, आणि विषय नेहमीचाच. एका मैत्रिणीचं दीड वर्षाचं नातं संपत आलं होतं. भांडण नव्हतं, फसवणूक नव्हती. पूर्वीसारखं काही वाटत नाही, एवढीच तक्रार. माझ्याकडे उत्तर नव्हतं. त्याच आठवड्यात अभ्यासासाठी ‘स्मृतिचित्रे’ हातात घेतलं आणि उत्तर नाही तरी एक माणूस सापडलं. तिच्याबद्दल सांगते.

लक्ष्मीबाईंचा जन्म १८६८चा, नाशिकजवळच्या जलालपूरचा. माहेरचं नाव मनकर्णिका गोखले. वडील इतके सोवळे, की बाजारातून आणलेलं मीठसुद्धा धुऊन घेतलं जायचं. अकराव्या वर्षी तिचं लग्न नारायण वामन टिळकांशी झालं. ते तिच्यापेक्षा सहा-सात वर्षांनी मोठे. पसंती-नापसंती विचारायची पद्धतच नव्हती. म्हणजे आपण ज्याला सुरुवातीचं आकर्षण म्हणतो, ते या नात्यात आधी नव्हतंच. जे काही उभं राहिलं, ते नंतर.

आणि नवरा कसा? कवी, बुद्धिमान, मनाने उदार, पण भयंकर तापट. एका गावी स्थिर राहणं जमेना, हातात पैसा टिकेना, न सांगता घरातून निघून जाण्याची सवय. लक्ष्मीबाई शाळेत गेलेल्या नव्हत्या. वाचायला त्या टिळकांमुळे शिकल्या, पण शिकवतानाही त्यांचा राग आवरत नसे. हे सगळं लक्ष्मीबाईंनी पुढे हसत हसत लिहिलं. वाचताना आपणही हसतो, पण मला मध्येच थांबावंसं वाटलं. हे सोसणं आदर्श म्हणून कुणापुढे ठेवू नये, असं मला प्रामाणिकपणे वाटतं.

खरी परीक्षा आली १८९५ साली. १० फेब्रुवारीला टिळकांनी मुंबईत बाप्तिस्मा घेतला. बायकोला आधी सांगितलं नव्हतं. त्या काळात याचा अर्थ काय होता, ते बघा. नवरा जिवंत, पण त्याच्या हातचं पाणी चालणार नाही. पदरात लहानगा दत्तू. लक्ष्मीबाई या धक्क्याने पार खचल्या. नातेवाइकांनी त्यांना सांभाळलं, काही काळ त्या बहिणीकडे पंढरपूरला राहिल्या. वियोग जवळजवळ पाच वर्षांचा झाला. पत्रं मात्र येत-जात राहिली. याच दिवसांत बाईंना कविता सुचू लागल्या.

इथे मला महत्त्वाचं वाटतं ते हे. लग्न ठरताना निवड लक्ष्मीबाईंची नव्हती, पण आता होती. माहेरची माणसं त्यांना ठेवून घ्यायला तयार होती. परत न जाणं हाच समाजाला मान्य असलेला मार्ग होता. तरीही त्या अहमदनगरला टिळकांकडे गेल्या. गेल्या, पण आपला धर्म न सोडता. स्वयंपाक वेगळा, पाणी वेगळं, सोवळं तसंच. एकाच संसारात दोन चुली! आणि घरात पटकन भडकणाऱ्या टिळकांनी हे चालू दिलं. माझ्या मते या नात्यातलं दोघांचंही सर्वांत मोठं काम हेच. तिने त्याच्याजवळ येताना स्वतःला पुसून टाकलं नाही, आणि त्याने ती जवळ आली म्हणून तिला आपल्यासारखं व्हायची घाई केली नाही.

बदल झाला तो तिच्या गतीने. जातीचे भेद देवाने केले की माणसांनी, याचा विचार करता करता त्या स्वतःच एका निर्णयाला आल्या. सोवळं सुटलं, आणि १९०० साली त्यांनी बाप्तिस्मा घेतला. मीठ धुणाऱ्या घरातली मुलगी पुढे कुणाच्याही हातचं पाणी आनंदाने प्यायली.

त्यानंतर सगळं गोड झालं, असं मात्र नाही. भांडणं चालूच राहिली. घरात माणसांचा राबता कायम असे. बालकवी ठोंबरेही या कुटुंबात राहून गेले. १९१७ साली टिळकांनी मिशनची पगारी नोकरी सोडून संन्यासी वृत्तीने साताऱ्याला ‘देवाचा दरबार’ सुरू केला. पुन्हा एकदा पायाखालची जमीन हलली. या वेळी मात्र बाई त्यांच्यासोबत होत्या. ९ मे १९१९ रोजी मुंबईत टिळक गेले.

नातं तिथे संपलं का? टिळकांनी ‘ख्रिस्तायन’ हे महाकाव्य सुरू केलं होतं. त्यांच्या हातून दहा-अकरा अध्यायच झाले. ज्या बाईला त्यांनी अक्षरं शिकवली, तिने पुढचे ६४ अध्याय लिहिले. आणि ‘स्मृतिचित्रे’त तिने नवऱ्याला देव केलं नाही, की खलनायकही केलं नाही. त्याचा राग, विसरभोळेपणा, दानत, सगळं जसंच्या तसं मांडलं. २४ फेब्रुवारी १९३६ला त्या गेल्या.

आम्ही कॅथलिक, टिळक अमेरिकन मराठी मिशनचे. तरी आजीच्या तोंडी त्यांची भजनं असायची, म्हणून मला हे नाव घरातलंच वाटायचं. पुस्तक वाचल्यावर मात्र आधी बाई आठवतात.

मैत्रिणीला मी हे सगळं सांगितलं. तू त्याच्याबरोबर राहाच, असं म्हटलं नाही. ते म्हणायचा मला हक्क नाही, आणि लक्ष्मीबाईंसारखं सोसायची आज गरजही नाही. एवढंच विचारलं, की सुरुवातीची ती धडधड बाजूला ठेवली, तर तुम्ही दोघं एकमेकांची वेगळी चूल चालवून घ्याल का? ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, ते पुस्तक दे मला.

अजून परत आलेलं नाही. तुम्हाला हवं असेल, तर मंडळाच्या पुढच्या बैठकीत दुसरी प्रत आणते.