पीठासनावरील पहिली स्त्री

३ मे १९६९ रोजी राष्ट्रपती डॉ. झाकिर हुसेन यांचे निधन झाले. उपराष्ट्रपती वराहगिरी गिरी यांच्याकडे राष्ट्रपतिपदाची सूत्रे गेली. उपराष्ट्रपती हेच राज्यसभेचे पदसिद्ध सभापती. ते राष्ट्रपतींचे काम पाहत असताना, किंवा ते पद रिक्त असताना, सभापतीची कर्तव्ये उपसभापतीने पार पाडावीत, अशी राज्यघटनेच्या ९१ व्या कलमाची तरतूद आहे. त्या वेळी उपसभापती होत्या व्हायोलेट आल्वा. ऑगस्टअखेर नवे उपराष्ट्रपती येईपर्यंत वरिष्ठ सभागृहाची जबाबदारी मुंबईत घडलेल्या या वकील स्त्रीवर होती. मात्र ज्या पदाचा भार त्यांनी वाहिला, ते पद त्यांना लाभले नाही.

२४ एप्रिल १९०८ रोजी अहमदाबादेत एका ख्रिस्ती धर्मोपदेशकाच्या घरी त्यांचा जन्म झाला. वडील रेव्हरंड लक्ष्मण हरी यांच्या नऊ अपत्यांपैकी त्या आठव्या. सोळाव्या वर्षीच मातापित्यांचे छत्र हरपले. वडील भावंडांच्या आधाराने त्यांनी मुंबईत शालेय शिक्षण पुरे केले आणि सेंट झेवियर्स महाविद्यालय व शासकीय विधि महाविद्यालय येथून पदव्या मिळविल्या. वकिलीचा मार्ग स्त्रियांना १९२३ च्या कायद्याने नुकता कोठे मोकळा झाला होता. काही काळ त्यांनी महिला विद्यापीठात इंग्रजीचे अध्यापनही केले.

१९३७ मध्ये जोकिम आल्वा यांच्याशी त्यांचा विवाह झाला आणि दोघांनी एकत्र वकिली मांडली. १९४३ मध्ये इंग्रज सरकारने व्हायोलेटबाईंना अटक केली, तेव्हा पाच महिन्यांचे मूल कडेवर घेऊन त्या आर्थर रोडच्या तुरुंगात गेल्या. पुढच्याच वर्षी उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठापुढे युक्तिवाद करणाऱ्या देशातील पहिल्या महिला वकील म्हणून त्यांची नोंद झाली. १९४८ ते १९५४ या काळात बालन्यायालयाचे अध्यक्षपद त्यांच्याकडे होते.

१९५२ मध्ये त्या राज्यसभेत आल्या. जोकिम लोकसभेत निवडून आले होते. संसदेतील हे पहिले दांपत्य. कुटुंबनियोजन, नौदलाची सिद्धता, भाषावार प्रांतरचना अशा विषयांवर त्या अभ्यासपूर्वक बोलत. १९५७ नंतर त्या गृहखात्याच्या उपमंत्री झाल्या आणि एप्रिल १९६२ मध्ये राज्यसभेच्या उपसभापती. या पदावरील त्या पहिल्या महिला. १९६६ मध्ये सभागृहाने त्यांना पुन्हा निवडले.

पीठासनावर बसणाऱ्याचे काम दिसते तितके सोपे नसते. त्याने वादात पडावयाचे नाही आणि समसमान मते पडल्याखेरीज मतही द्यावयाचे नाही. कोणी केव्हा बोलावे, याचा निर्णय मात्र त्यालाच करावा लागतो. दोन युद्धे, दोन पंतप्रधानांचे मृत्यू आणि १९६७ च्या निवडणुकीनंतरचे अस्थिर राजकारण एवढे सारे त्या सात वर्षांत घडले. दोन्ही बाजू ऐकून घेण्याचे जे वळण न्यायालयात लागते, त्याचीच तेथे कसोटी होती.

१९६९ मध्ये उपराष्ट्रपतिपदासाठी त्यांच्या नावाचा विचार व्हावा, ही अपेक्षा अवाजवी नव्हती. इंदिरा गांधींनी पाठिंबा दिला नाही. ते पद गोपाळ स्वरूप पाठक यांच्याकडे गेले. १६ नोव्हेंबरला आल्वांनी उपसभापतिपद सोडले आणि २० नोव्हेंबरला मेंदूतील रक्तस्रावाने त्यांचे निधन झाले.

पुढे जळगावच्या वकील प्रतिभा पाटील १९८६ मध्ये उपसभापती आणि २००७ मध्ये राष्ट्रपती झाल्या. २०२२ मध्ये आल्वांच्या स्नुषा मार्गारेट आल्वा यांनी उपराष्ट्रपतिपदाची निवडणूक लढविली. त्यांचा पराभव झाला. २०२५ च्या निवडणुकीपर्यंत एकही स्त्री त्या पदावर पोचली नव्हती.

ही विसंगती केवळ दिल्लीची नव्हे. वसईच्या पाचूबंदरासारख्या कोळीवाड्यांत पुरुष समुद्रावर जातात आणि मासळीचा बाजार बायका सांभाळतात. त्यांच्या व्यवहारज्ञानाविषयी तेथे कोणाला शंका नसते. समाज स्त्रीवर जबाबदारी निःशंकपणे सोपवितो. अधिकार देण्याची वेळ आली की त्याला विचार करावासा वाटतो. व्हायोलेट आल्वांचे स्मरण करावयाचे ते हा विलंब संपविण्यासाठी.