स्फटिकाचा धागा

घरांच्या आणि शाळांच्या छपरांवर बसवलेली सौर पॅनेल आता गावोगावी दिसू लागली आहेत. ती नीट निरखून पाहिली, तर त्यांत दोन प्रकार आढळतात. काही पॅनेलांवर फिक्या-गडद निळ्या तुकड्यांची नक्षी असते. जणू अनेक ठिकऱ्या एकमेकींना जोडून ती बनवली आहेत. काही पॅनेल मात्र सर्वत्र एकसारखी काळसर असतात. पहिल्या प्रकारातील सौरघट बहुस्फटिकी सिलिकॉनचे असतात, तर दुसऱ्या प्रकारातील एकस्फटिकी सिलिकॉनचे. वितळलेल्या पदार्थातून एकच अखंड स्फटिक ओढून काढण्याची जी रीत या दुसऱ्या प्रकाराच्या मुळाशी आहे, ती यान चोखराल्स्की या पोलिश शास्त्रज्ञाच्या नावाने ओळखली जाते. ज्यांचे नाव जगभरच्या कारखान्यांत नित्य घेतले जाते, त्या चोखराल्स्की यांच्या नावावर त्यांच्या स्वतःच्या विद्यापीठात मात्र पासष्ट वर्षे डाग राहिला होता.

चोखराल्स्की यांचा जन्म २३ ऑक्टोबर १८८५ रोजी क्त्सिनिया या लहानशा गावी झाला. त्या काळी पोलंड हे स्वतंत्र राष्ट्र नव्हते. क्त्सिनिया प्रशियाच्या अमलाखाली होते. वडील सुतारकाम करीत. दहा भावंडांत यान हे आठवे. मुलाने शिक्षक व्हावे अशी घरच्यांची इच्छा होती, म्हणून त्यांना गावातील अध्यापक विद्यालयात घालण्यात आले. परंतु त्यांचे मन रमे ते रसायनांत. अंतिम परीक्षेत मिळालेले गुण अन्यायाचे वाटले, म्हणून त्यांनी प्रमाणपत्रच फाडून टाकले आणि नाव मिळवल्यावाचून गावी परतणार नाही असे सांगून घर सोडले, अशी आख्यायिका आहे. आख्यायिकेचा भाग वगळला, तरी एवढे खरे की पुढे आयुष्यभर त्यांच्यापाशी शाळेचे ते प्रमाणपत्र नव्हते.

काही काळ त्यांनी औषधांच्या दुकानात उमेदवारी केली. १९०४ मध्ये ते बर्लिनला गेले. तेथेही प्रथम औषधालयातच नोकरी मिळाली. पुढे रासायनिक कारखान्यातील अनुभव गाठीशी बांधून ते ए. ई. जी. या मोठ्या विद्युत कंपनीत दाखल झाले. धातूंची शुद्धता तपासणे हे तेथील त्यांचे काम होते. नोकरी सांभाळून त्यांनी बर्लिनच्या तंत्रविद्यालयात रसायनशास्त्राचे शिक्षण घेतले. विजेच्या तारांसाठी तांब्याऐवजी ॲल्युमिनियम कसे वापरता येईल, यासारखे प्रश्न कंपनीपुढे होते. त्यामुळे धातू थंड होताना त्याच्या अंतरंगात काय घडते, याकडे त्यांचे लक्ष वेधले गेले. पुढे हाच त्यांच्या अभ्यासाचा मुख्य विषय ठरला.

धातूच्या अंतरंगातील ही रचना समजण्यासाठी रांगोळीचे उदाहरण घेता येईल. मोठ्या अंगणात एकाच व्यक्तीने ठिपके मांडले, तर सर्व ओळी सरळ आणि समांतर येतात. परंतु पाच-सहा जणींनी निरनिराळ्या कोपऱ्यांतून ठिपके मांडायला सुरुवात केली, तर प्रत्येकीच्या ओळी आपापल्या जागी नीट असूनही जेथे दोघींची रांगोळी भेटते तेथे त्या जुळत नाहीत. द्रव धातू गोठताना असेच घडते. अनेक ठिकाणी एकाच वेळी स्फटिक तयार होऊ लागतात, वाढत जातात आणि शेवटी एकमेकांना भिडतात. अणूंच्या न जुळलेल्या ओळींच्या या सीमारेषांना कणसीमा म्हणतात. बहुतेक धातू असे बहुस्फटिकी असतात. सर्व अणू एकाच शिस्तीत असलेला अखंड तुकडा मिळवणे हे अवघड काम होते.

गोष्ट १९१६ सालची. एके दिवशी चोखराल्स्की प्रयोगाच्या नोंदी लिहीत बसले होते. जवळच मुशीत वितळलेले कथील निवत ठेवलेले होते. विचाराच्या तंद्रीत त्यांनी टाक दौतीत बुडवण्याऐवजी मुशीत बुडवला आणि चटकन वर उचलला. टाकाच्या टोकाला गोठलेल्या कथलाचा एक बारीक धागा लोंबत होता. ही हकिकत अशीच सांगितली जाते. दुसऱ्या कोणी टाक पुसला असता आणि लिखाण पुढे चालू ठेवले असते. चोखराल्स्की यांनी तो धागा तपासला. टाकाच्या निबेला असलेल्या बारीक फटीत धातू प्रथम गोठला होता आणि त्या एका कणापासून सारा धागा वाढला होता. तो धागा म्हणजे एकच स्फटिक होता.

मग त्यांनी टाकाऐवजी बारीक नळी वापरली, ती ठरावीक गतीने वर उचलणारे साधन तयार केले आणि कथील, शिसे व जस्त या धातूंचे सुमारे एक मिलिमीटर जाडीचे धागे ओढून पाहिले. ओढण्याची गती फार वाढवली की धागा तुटे. तो तुटणार नाही अशी जास्तीत जास्त गती म्हणजेच त्या धातूचा स्फटिक वाढण्याचा वेग, असे त्यांनी दाखवून दिले. हा शोधनिबंध १९१८ मध्ये प्रसिद्ध झाला. वेग मोजण्याची एक नवी रीत, एवढाच त्याचा उद्देश होता. या रीतीवर पुढे एक संपूर्ण उद्योग उभा राहील, याची तेव्हा कोणालाच कल्पना नव्हती.

१९१७ मध्ये चोखराल्स्की फ्रँकफर्ट येथील एका धातुकंपनीच्या प्रयोगशाळेचे प्रमुख झाले. रेल्वेच्या डब्यांची चाके सुरळीत फिरावीत म्हणून लागणाऱ्या बेअरिंगांसाठी तेव्हा महागडे कथील वापरावे लागे, आणि जर्मनीत कथलाची टंचाई होती. चोखराल्स्की यांनी शिशात कॅल्शियम, सोडियम यांसारख्या धातूंचे अल्प प्रमाण मिसळून कथलाविना चालणारा मिश्रधातू तयार केला. जर्मन रेल्वेने तो स्वीकारला, पाठोपाठ इतर देशांनीही स्वीकारला. या शोधाने त्यांना कीर्ती आणि संपत्ती दोन्ही मिळवून दिली. १९२५ मध्ये ते जर्मनीतील धातुशास्त्र परिषदेचे अध्यक्ष झाले. अमेरिकेतील मोटार उद्योगपती हेन्री फोर्ड यांनी त्यांना आपल्याकडे येण्यास सुचवले होते. ते त्यांनी स्वीकारले नाही.

दरम्यान १९१८ मध्ये पोलंड स्वतंत्र झाला होता. राष्ट्राध्यक्ष इग्नात्सी मोश्चित्स्की हे स्वतः रसायनशास्त्रज्ञ होते. त्यांच्या निमंत्रणावरून चोखराल्स्की मायदेशी परतले. वॉर्सा येथील तंत्रविद्यापीठाने त्यांना सन्माननीय डॉक्टरेट दिली आणि धातुशास्त्राचे प्राध्यापकपद दिले. शाळेचे प्रमाणपत्र नसलेला सुताराचा मुलगा प्राध्यापक झाला. त्यांच्या घरी लेखक, कलावंत जमत. प्राचीन वसाहतीच्या उत्खननापासून साहित्यापर्यंत अनेक कामांना ते सढळ हाताने साहाय्य करीत. क्त्सिनिया येथेही त्यांनी घर बांधले. मात्र जर्मनीत वाढलेल्या या कीर्तीकडे संशयाने पाहणारे सहकारीही होते. त्यांच्यावर जाहीर आरोप झाले आणि त्यांना न्यायालयाची पायरी चढावी लागली.

१९३९ मध्ये जर्मनीने पोलंड जिंकला आणि विद्यापीठे बंद केली. प्राध्यापकांना ना काम उरले ना संरक्षण. जर्मन भाषा आणि जर्मन अधिकारी या दोहोंशी चोखराल्स्की यांचा परिचय होता. त्यांनी परवानगी मिळवून विद्यापीठाच्या इमारतीत पदार्थ तपासणीचा एक विभाग सुरू केला. हा विभाग जर्मन सत्तेची कामे करीत असे, हे खरे आहे. त्याच विभागात अनेक पोलिश सहकाऱ्यांना नोकरी मिळाली आणि तेथे काम करीत असल्याच्या कागदामुळे त्यांना संरक्षणही लाभले, हेही खरे आहे. भूमिगत पोलिश सेनेसाठी लागणारे शस्त्रांचे सुटे भाग तेथे गुपचूप बनवले जात. अटकेत पडलेल्या कित्येकांच्या सुटकेसाठी चोखराल्स्की यांनी आपल्या ओळखी वापरल्या. परंतु अशा कामाची नोंद कागदावर ठेवणे म्हणजे मृत्यूला आमंत्रण देणे होते. त्यामुळे जर्मनांसाठी केलेले काम सर्वांना दिसत होते आणि त्यांच्याविरुद्ध केलेले काम मोजक्यांनाच ठाऊक होते.

युद्ध संपत आले तेव्हा, एप्रिल १९४५ मध्ये, शत्रूला साहाय्य केल्याच्या आरोपावरून त्यांना अटक झाली. सुमारे चार महिने ते तुरुंगात होते. चौकशीत पुरावा आढळला नाही, म्हणून त्यांना सोडण्यात आले. तरीही डिसेंबर १९४५ मध्ये विद्यापीठाच्या अधिसभेने त्यांना पुन्हा प्राध्यापक म्हणून न घेण्याचा निर्णय केला. कायद्याने ज्यांना दोषी ठरवले नव्हते, त्यांना त्यांच्याच सहकाऱ्यांनी बाहेर ठेवले. वयाच्या साठाव्या वर्षी चोखराल्स्की क्त्सिनियाला परतले. तेथे त्यांनी घरगुती वापराची रसायने बनवण्याचा लहानसा उद्योग सुरू केला. बुटांचे पॉलिश, केस कुरळे करण्याचा द्रव, सर्दीवरची पूड अशा वस्तू तेथे तयार होत. २२ एप्रिल १९५३ रोजी, शासनाच्या गुप्त पोलिसांनी घराची झडती घेतल्यानंतर, हृदयविकाराच्या झटक्याने पोझनान येथे त्यांचा मृत्यू झाला. गावच्या जुन्या दफनभूमीत त्यांना पुरण्यात आले. कित्येक वर्षे त्या जागेवर त्यांच्या नावाची पाटी नव्हती.

मात्र त्यांच्या रीतीने तोवर अटलांटिक महासागर ओलांडला होता. अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेत गॉर्डन टील आणि जॉन लिटल यांनी १९५० च्या सुमारास जर्मेनियमचे अखंड स्फटिक याच रीतीने ओढून काढले. लवकरच सिलिकॉनवरही ती रीत यशस्वी झाली. २५ एप्रिल १९५४ रोजी याच प्रयोगशाळेने सिलिकॉनचा पहिला व्यवहारोपयोगी सौरघट लोकांपुढे मांडला. सूर्याच्या ऊर्जेपैकी सुमारे ६ टक्के ऊर्जेचे तो विजेत रूपांतर करीत असे. चोखराल्स्की यांना जाऊन तेव्हा एक वर्ष आणि तीन दिवस झाले होते.

सौरघटाची घडण क्वार्ट्झ या खनिजापासून सुरू होते. विद्युतभट्टीत कार्बनाच्या साहाय्याने त्यातील ऑक्सिजन काढून टाकला की अशुद्ध सिलिकॉन मिळते. त्याचे वायुरूप संयुगात रूपांतर करून, ते ऊर्ध्वपातनाने शुद्ध करून, तापलेल्या बारीक कांड्यांवर पुन्हा सिलिकॉन जमवले जाते. हे अतिशय शुद्ध सिलिकॉन बहुस्फटिकी असते. येथून दोन वाटा फुटतात. पहिल्या वाटेने ते चौकोनी मुशीत वितळवून तळाकडून सावकाश थंड करतात. सिलिकॉन मुशीला चिकटू नये म्हणून आतून सिलिकॉन नायट्राइडचा लेप दिलेला असतो. तळाशी उगवलेले अनेक स्फटिक खांबांप्रमाणे वर वाढतात आणि बहुस्फटिकी ठोकळा तयार होतो. दुसरी वाट चोखराल्स्की यांची. सिलिकॉन १४१४ अंश सेल्सियसला वितळते. त्या तप्त रसाला वरून एका लहान बीजस्फटिकाचे टोक टेकवतात आणि ते फिरवीत अगदी संथपणे वर ओढतात. रस बीजाच्याच शिस्तीत गोठत जातो व एकस्फटिकी कांडी तयार होते.

पुढची कामे दोन्हींत बहुतांशी सारखीच असतात. तारेच्या करवतीने मिलिमीटरच्या पाचव्या भागाहूनही पातळ काप काढले जातात. सिलिकॉनमध्ये दीर्घकाळ बहुधा बोरॉन अत्यल्प प्रमाणात आधीच मिसळलेले असे. वरच्या थरात फॉस्फरस मुरवला की दोन थरांच्या सांध्याशी विद्युतक्षेत्र निर्माण होते. प्रकाशाने मोकळे झालेले इलेक्ट्रॉन हे क्षेत्र एका बाजूस ढकलते. प्रकाश परावर्तित होऊन वाया जाऊ नये म्हणून वर पातळ लेप देतात आणि वीज गोळा करण्यासाठी चांदीच्या बारीक रेघा छापतात. बहुस्फटिकी घटात काही इलेक्ट्रॉन कणसीमांशी अडकून वाया जातात, म्हणून त्याची कार्यक्षमता थोडी कमी असते. परंतु तो बनवणे सोपे व स्वस्त होते. त्यामुळे एकविसाव्या शतकाच्या आरंभी सौरऊर्जा सामान्यांच्या आवाक्यात आणण्यात त्याचा मोठा वाटा होता. पुढे स्फटिक ओढण्याचा खर्चही उतरला आणि २०२० पर्यंत एकस्फटिकी घटांनी बाजारपेठेत आघाडी घेतली.

इकडे पोलंडमध्ये काही संशोधक चोखराल्स्की यांच्या आयुष्याचे कागद जुळवीत होते. जुन्या राजवटीत आणि नंतरही त्यांना लवकर यश आले नाही. अखेर युद्धकाळातील दप्तरांत चोखराल्स्की यांचा भूमिगत सेनेशी असलेला संबंध दाखवणारी कागदपत्रे सापडली. २९ जून २०११ रोजी वॉर्सा तंत्रविद्यापीठाच्या अधिसभेने त्यांच्यावरील डाग पुसून टाकला आणि त्यांना सन्मानाचे स्थान परत दिले. पोलंडच्या संसदेने २०१३ हे वर्ष त्यांच्या नावाने साजरे केले.

आपल्या बाजूचा पुरावा त्यांना स्वतःला कधी मांडता आला नाही. तो मिळेपर्यंत ते हयात नव्हते. क्त्सिनियाच्या दफनभूमीत आता त्यांच्या नावाची पाटी आहे. जगात तयार होणारे बहुसंख्य सौरघट आज त्यांच्याच रीतीने ओढलेल्या स्फटिकांपासून बनतात.